घरातला खेळ हातात आल्यावर

टीव्हीला जोडून खेळायचा जुना व्हिडिओ गेम हातात मावणाऱ्या यंत्रावर आणण्याच्या कामाला त्या व्यवसायात ‘पोर्ट करणे’ म्हणतात. चित्र लहान पडद्यात बसवायचे, आवाज दुसऱ्याच चिपकडून काढून घ्यायचा, बटणे कमी पडली तर एका बटणावर दोन कामे घालायची, असे हे काम असते. ते पुरे झाले की एक प्रश्न उरतो आणि त्याचे उत्तर अभियंत्याकडे नसते. हातात आलेला खेळ तोच आहे का? १९८५ सालचा ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ आणि १९९९ साली गेम बॉय कलरवर आलेला ‘सुपर मारिओ ब्रदर्स डीलक्स’ ही एकाच वस्तूची दोन रूपे मानायची, की एकमेकींसारख्या दिसणाऱ्या दोन वस्तू?

एका जागचे दुसरीकडे नेले तर ते तेच राहते का, हा प्रश्न भारतीय धर्मविचारात फार जुना आहे. वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या मीमांसकांनी तो यज्ञाबद्दल विचारला, बौद्धांनी माणसाबद्दल, आणि महानुभाव पंथाने अवताराच्या स्पर्शाने पावन झालेल्या जागांबद्दल. बीड जिल्ह्यातील गेवराई तालुक्यात, गोदावरीकाठच्या पांचाळेश्वरला, महानुभावांचा हा विचार आजही आचरणात आहे. खेळाचा प्रश्न या तिन्ही विचारांपुढे ठेवला तर त्यातला गुंता बराच सुटतो.

स्थलांतरात काय बदलते

निन्टेंडो कंपनीचा फॅमिकॉम हा टीव्हीला जोडायचा संच जपानात १९८३ साली आला. त्याचे चित्र २५६ × २४० ठिपक्यांचे होते. त्याच कंपनीचा गेम बॉय १९८९ साली आला. त्याचा पडदा १६० × १४४ ठिपक्यांचा आणि चार छटांचा होता. १९९८ च्या गेम बॉय कलरला रंग मिळाले, ठिपके तेवढेच राहिले. म्हणजे घरच्या चित्राचे आठ भाग केले तर त्यातले तीनच हातातल्या पडद्यावर मावतात.

‘डीलक्स’ करताना कर्त्यांनी चित्र लहान केले नाही, कापले. मारिओ होता तेवढाच राहिला आणि त्याच्या भोवतीचे जग कमी दिसू लागले. टीव्हीवर जो खड्डा बराच आधी दिसे, तो आता अगदी जवळ आल्यावर दिसतो. डोक्यावर किंवा पायाखाली काय आहे हे पाहायचे तर बटण दाबून चित्र वर-खाली सरकवावे लागते. २००४ साली फॅमिकॉमचे जुने खेळ गेम बॉय ॲडव्हान्सवर आले तेव्हा उलटी वाट धरली गेली. तिथे पडदा २४० × १६० ठिपक्यांचा होता. सगळे चित्र उभ्या दिशेने दाबून त्यात बसवले गेले. जग पूर्ण दिसले, पण बुटके झाले.

रंगांचेही असेच झाले. २००१ साली आलेल्या पहिल्या गेम बॉय ॲडव्हान्सच्या पडद्याला स्वतःचा उजेड नव्हता. म्हणून ‘सुपर मारिओ वर्ल्ड’ आणि ‘डाँकी काँग कंट्री’ हे खेळ त्यावर आणताना रंग मुद्दाम उजळ केले गेले. पुढे उजेडाचे पडदे आले आणि तेच रंग धुतल्यासारखे फिके दिसू लागले. ‘सॉनिक’ या सेगाच्या १९९१ च्या खेळातला धबधबा जवळून पाहण्यासारखा आहे. चित्रकाराने तिथे एकाआड एक उभ्या रेघा काढल्या होत्या. जुन्या टीव्हीच्या केबलमधून जाताना त्या रेघा एकमेकींत मिसळत आणि पाणी आरपार दिसे. हातातल्या स्वच्छ पडद्यावर त्या मिसळत नाहीत, पाण्याच्या जागी जाळी दिसते. चित्रातला एकही ठिपका बदललेला नसतो, तरीही धबधबा नाहीसा झालेला असतो.

‘मारिओ’ आणि ‘कॉन्ट्रा’ हे खेळ भारतात पोहोचले ते नव्वदच्या दशकात, बहुतेक घरांत फॅमिकॉमच्या नकली संचांवरून. खेळाच्या काडतुसाला इथे सगळे ‘कॅसेट’ म्हणत. पुढे दोन सेलवर चालणारा ब्रिक गेम आला, मग मोबाइल, आणि आता शेकडो जुने खेळ आत भरलेली तळहाताएवढी यंत्रे दुकानांत आणि जत्रांत मिळतात. ज्यांनी हे खेळ टीव्हीवर पाहिले होते, त्यांतल्या अनेकांना ते पहिल्या भेटीत ओळखीचे वाटतात आणि थोडे परकेही. हे परकेपण कुठून येते, हाच शोध घ्यायचा आहे.

स्थान आणि विशेष

गेवराई तालुक्याच्या उत्तरेला गोदावरी आहे. तिच्या काठी राक्षसभुवनचे शनिमंदिर आहे आणि पांचाळेश्वरचे आत्मतीर्थ. पंथ मानतो त्या पाच अवतारांपैकी, म्हणजे पंचकृष्णांपैकी, एक असलेले दत्तात्रेय प्रभू रोज भोजनासाठी पांचाळेश्वरला येतात, अशी महानुभावांची श्रद्धा आहे. अवतार डोळ्यांसमोर नसताना साधकाने कशाचा आधार घ्यावा, याचे पंथाचे उत्तर चार शब्दांत आहे : स्थान, प्रसाद, भिक्षुक, वासनिक. भिक्षुक आणि वासनिक ही माणसे, संन्यासी आणि गृहस्थ. या विषयाला उपयोगी पडतात ते पहिले दोन.

स्थान म्हणजे अवतार जिथे बसले, जेवले, निजले ती जागा. तिच्यावर ओटा बांधलेला असतो. पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामी कुठे कोणत्या बाजूला बसले होते, याची नोंद ‘स्थानपोथी’ या ग्रंथात बारकाईने केलेली आहे. स्थान हलवता येत नाही. वंदन करायचे तर तिथे जावे लागते. पैठणच्या जायकवाडी धरणातून गोदावरीत मोठा विसर्ग सुटला की पांचाळेश्वर आणि राक्षसभुवनच्या काठावरच्या मंदिरांना पाणी लागते आणि भक्तांना पाणी उतरेपर्यंत थांबावे लागते.

प्रसाद मात्र हलतो. अवताराच्या वापरातल्या किंवा स्पर्श झालेल्या वस्तू त्यात येतात. स्थानाशी संबंध असलेल्या दगडांचे लहान तुकडे ‘विशेष’ म्हणून जपले जातात. ते मंदिरात असतात, घरच्या देवघरात असतात, प्रवासात सोबतही नेले जातात. पंथ दगडाला देव मानत नाही. नमस्कार असतो तो त्या दगडाला झालेल्या संबंधाला. शब्दही ‘संबंध’ हाच वापरला जातो. गोदावरीला पूर आला तरी देवघरातल्या विशेषाचे वंदन चुकत नाही.

मूर्तिपूजेच्या परंपरेत याच्या जोडीला आणखी दोन रीती दिसतात. तुळजापूरच्या भवानीची मूर्ती चल आहे. ती वर्षातून ठरावीक वेळा सिंहासनावरून उचलून पलंगावर निद्रेसाठी नेली जाते. म्हणजे मूळ मूर्तीच हलते. बहुतेक देवळांत मात्र गाभाऱ्यातली मूर्ती अचल असते आणि पालखीत बसतो तो मुखवटा किंवा उत्सवमूर्ती. आषाढीला आळंदीहून पंढरीला जातात त्या ज्ञानेश्वरांच्या पादुका. समाधी आळंदीतच राहते.

खेळांची स्थलांतरेही याच तीन रीतींत मोडतात. १९९० चा टर्बोएक्सप्रेस, १९९५ चा सेगा नोमॅड आणि २०१७ चा निन्टेंडो स्विच ही यंत्रे तुळजापूरच्या रीतीची आहेत. घरच्या संचात चालणारे तेच कार्ड किंवा तीच कॅसेट हातातल्या यंत्रात चालते. हलते ती मूळ वस्तू. ‘डीलक्स’सारखे खेळ नव्या यंत्रासाठी नव्याने घडवलेले असतात, म्हणून ते मुखवट्याच्या किंवा उत्सवमूर्तीच्या रीतीत बसतात. तिसरी रीत एम्युलेटरची आहे. मूळ कॅसेटमधल्या सगळ्या आज्ञा अक्षराचाही बदल न करता उतरवून घेतल्या जातात आणि नवे यंत्र जुन्या यंत्राचे सोंग घेऊन त्या चालवते. मूळ जागेचा खरा तुकडा दुसऱ्या घरात, ही विशेषाची रीत. त्या तुकड्याभोवतीचे घर कितीही वेगळे असले तरी संबंध अस्सल असतो.

तोच हा

संबंध अस्सल असला म्हणजे वस्तू तीच ठरते का? न्यायशास्त्रात याची चर्चा प्रत्यभिज्ञेच्या, म्हणजे ओळख पटण्याच्या, निमित्ताने येते. काशीला पाहिलेला देवदत्त पुढे मथुरेला दिसतो आणि पाहणारा म्हणतो, तोच हा देवदत्त. नैयायिक या ओळखीला प्रमाण मानतात. वेदान्ती त्यापुढे जाऊन विचारतात की हे वाक्य खरे कशाने ठरते. ‘तो’ काशीचा होता, ‘हा’ मथुरेचा आहे. दोन्ही जागा धरून ठेवल्या तर वाक्य जुळत नाही. म्हणून जागा आणि काळ हा विरोधी भाग सोडायचा आणि देवदत्त तेवढा ठेवायचा. याला भागत्यागलक्षणा म्हणतात. या रीतीने पाहिले तर टीव्ही सोडला, पडदा सोडला, उरला तो खेळ, आणि तो एकच.

अडचण इतकीच की देवदत्ताचे काय सोडावे हे सर्वांना कळते, खेळाचे काय सोडावे हे आधी ठरलेले नसते. ‘सॉनिक’चा धबधबा सोडण्याच्या भागात येतो की ठेवण्याच्या? चित्रकाराने तो टीव्हीच्या दोषाचा उपयोग करूनच उभा केला होता. टीव्ही ही त्या धबधब्याची उपाधी, म्हणजे बाहेरून लागलेली अट, म्हणून बाजूला काढली तर धबधबाच उरत नाही.

बौद्धांनी ‘तेच’ हा शब्दच नाकारला. ‘मिलिंदप्रश्न’ या ग्रंथात भिक्षू नागसेन राजा मिलिंदाला दिव्याचा दाखला देतो. रात्रभर जळणाऱ्या दिव्याची पहिल्या प्रहरातली ज्योत आणि शेवटच्या प्रहरातली ज्योत एक नव्हे आणि वेगळीही नव्हे. एकीतून दुसरी निघत गेली, एवढेच म्हणता येते. नागसेनाच्या उत्तराने मारिओच्या दोन रूपांचा वाद मिटतो, कारण एक वस्तू की दोन हा पर्यायच चुकीचा ठरतो. उरते ती एक परंपरा. पण परंपरा म्हटल्याने चांगले स्थलांतर कोणते आणि वाईट कोणते हे कळत नाही, कारण ज्योतीतून ज्योत दोन्हीकडे निघालेलीच असते. तो निवाडा करण्याची साधने मीमांसकांकडे सापडतात.

अतिदेश, ऊह आणि बाध

पूर्वमीमांसेत यज्ञांचे दोन प्रकार मानले आहेत. ज्याची सगळी अंगे वेदात सांगितली आहेत तो प्रकृतियाग. दर्शपूर्णमास हे त्याचे नेहमीचे उदाहरण. ज्याची थोडीच अंगे सांगितली आहेत आणि बाकीची प्रकृतीतून आणायची आहेत तो विकृतियाग. एकाची अंगे दुसऱ्यात नेणे म्हणजे अतिदेश. जैमिनीच्या सूत्रांतले सातवा आणि आठवा हे दोन अध्याय अतिदेशावर आहेत, नववा ऊहावर आणि दहावा बाधावर. पोर्ट करणाऱ्याला जे जे निर्णय घ्यावे लागतात, त्यांची ही जणू आधीच केलेली मांडणी आहे.

ऊह म्हणजे नव्या जागी बसावे म्हणून केलेला जरुरीपुरता बदल. प्रकृतीत आहुती अग्नीला असेल तर मंत्रात अग्नीचे नाव येते. सौर्य यागात तोच मंत्र जाताना अग्नीच्या जागी सूर्याचे नाव घालतात. बाकी मंत्र तसाच. फॅमिकॉमनंतरच्या सुपर फॅमिकॉम या संचाला खेळण्याची सहा बटणे होती, गेम बॉय ॲडव्हान्सला चार. दोन बटणांची कामे उरलेल्या चारांत वाटून देणे हा ऊह आहे.

बाध म्हणजे हेतू उरला नाही म्हणून अंग गाळणे. धान्याचा चरू, म्हणजे आहुतीचा शिजवलेला भात, करताना ते कांडून घ्यायचे असते, कारण कोंडा काढायचा असतो. एका यागात धान्याऐवजी सोन्याचे बारीक दाणे, कृष्णल, वापरायला सांगितले आहेत. सोन्याला कोंडा नसतो. म्हणून कांडणे गळते. खेळातही दुसऱ्या खेळाडूच्या वेगळ्या रिमोटसाठी ठेवलेल्या सोयी एकट्याच्या यंत्रात निरर्थक होतात आणि त्या गाळणे योग्यच ठरते.

याहून महत्त्वाचा नियम सहाव्या अध्यायात आहे. ठरलेले द्रव्य मिळाले नाही किंवा नासले तर त्याच्या जागी प्रतिनिधी चालतो. साळीचे तांदूळ नसतील तर नीवार, म्हणजे रानभात, घ्यावा. मराठी घरांत हे शास्त्र न वाचताही पाळले जाते. गणपतीची मूर्ती नसली तर पाटावर सुपारी मांडतात, आणि जी वस्तू हाताशी नाही तिच्या नावाने अक्षता वाहतात. पण जैमिनीच्या मते देवता, अग्नी, मंत्र आणि क्रिया यांना प्रतिनिधी नाही. सूर्याला द्यायची आहुती दुसऱ्या देवतेला दिली तर तो याग झालाच नाही.

खेळाला हा नियम लावला की उत्तर ठोस होते. पडदा, प्लास्टिक, वीज, कॅसेट हे सगळे द्रव्य आहे. ते बदलले तरी चालते. खेळाची क्रिया म्हणजे नियमांनी बांधलेली हाताची हालचाल : काय दिसल्यावर, किती वेळात, काय करायचे. तिला प्रतिनिधी नाही. ‘डक हंट’ या १९८४ च्या खेळात बंदुकीने बदके पाडायची असतात. चाप ओढला की क्षणभर पडदा काळा होतो आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन चमकतो. बंदुकीतल्या भिंगामागचा संवेदक तो चौकोन पाहतो आणि नेम लागला की नाही ते ठरवतो. ही युक्ती काचेच्या नळीच्या जुन्या टीव्हीशी वेळ जुळवून बेतलेली आहे. सपाट पडद्यावर ती बंदूक आंधळी होते. हातातल्या यंत्रात बोटाने बदक दाबून मारता येईल, पण खांद्याच्या रेषेत नेम धरणे आणि बोटाने टिचकी मारणे या दोन क्रिया आहेत. नाव आणि बदके तीच राहिली तरी याग दुसरा झाला.

महानुभाव साधक अवताराचे स्मरण नाम, मूर्ती, लीळा आणि चेष्टा यांच्या द्वारा करतो. लीळा म्हणजे अवताराच्या कृतींच्या कथा, चेष्टा म्हणजे अंगाची हालचाल. ‘सुपर मारिओ ६४’ हा १९९६ चा खेळ २००४ साली निन्टेंडो डीएसवर आला. नाव, रूप आणि कथा सगळी आली. पण मूळ खेळात अंगठ्याखालची काठी जितकी कलवावी तितका मारिओ हळू किंवा वेगाने चाले. डीएसला तशी काठी नव्हती. पळायला बटण आले आणि चालण्यातला तो बारीक फरक गेला. चारांपैकी तीन गोष्टी आल्या, चेष्टा राहिली.

विकृतियाग कमी दर्जाचा असतो असे मीमांसक म्हणत नाहीत. त्याचे फळ वेगळे, नाव वेगळे. पोर्ट केलेल्या खेळांनाही बहुधा वेगळे शेपूट लागते : ‘डीलक्स’, ‘ॲडव्हान्स’, ‘डीएस’, ‘थ्रीडी’. विक्रीसाठी लावलेल्या या शब्दांत नकळत एक खरे विधान असते.

मूळच्या चुका

मूळ खेळात चूक असेल तर ती न्यायची का? १९७८ च्या ‘स्पेस इन्व्हेडर्स’मध्ये शत्रू मरत जातात तसे उरलेले वेगाने धावू लागतात. तोमोहिरो निशिकादो यांनी हे योजले नव्हते. आकृत्या कमी झाल्या की संगणकाला काम कमी पडे आणि चित्र वेगाने हले. त्यांना ते आवडले आणि त्यांनी ते राहू दिले. आज हातातले कोणतेही यंत्र त्या संगणकाहून कित्येक पट वेगवान आहे. मूळची मंदगती मुद्दाम नक्कल करून घातली नाही तर खेळाचा जीवच जातो. उलट फॅमिकॉमला एका आडव्या ओळीत आठांहून जास्त आकृती काढता येत नसत, त्यामुळे गर्दी झाली की त्या लुकलुकत. काही एम्युलेटर हे लुकलुकणे बंद करण्याची सोय देतात. ते बंद केल्याने खेळण्याची क्रिया फारशी बदलत नाही.

‘द लेजंड ऑफ झेल्डा : ओकारिना ऑफ टाइम’ हा १९९८ चा खेळ २०११ साली निन्टेंडो थ्रीडीएसवर आणताना मूळच्या काही चुका जाणून ठेवल्या गेल्या, कारण जुन्या खेळाडूंना त्याच चुकांची मजा वाटत होती. चूक अनेकांच्या हातांत वर्षानुवर्षे मुरली की ती खेळाचा भाग होते, हे त्या कर्त्यांनी मान्य केले.

ग्रंथांच्या बाबतीत महाराष्ट्राला हा प्रश्न जुना आहे. म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात चक्रधरस्वामींच्या आठवणी, ज्यांनी त्या लीळा पाहिल्या त्यांना गाठून, गोळा केल्या. हाच मराठीतला आद्य गद्यग्रंथ, ‘लीळाचरित्र’. परंपरा सांगते की पुढे परचक्राच्या धामधुमीत मूळ पोथी हरवली आणि शिष्यांनी तो ग्रंथ स्मरणातून पुन्हा उभा केला. म्हणून त्याचे अनेक पाठ आहेत. पंथातल्या पुढच्या पिढ्यांनी पाठांतला फरक पुसून एकच गुळगुळीत प्रत केली नाही. कोणाच्या आठवणीत काय वेगळे आहे, याच्या नोंदी ठेवल्या. एम्युलेटरमधल्या ‘मूळ’ आणि ‘सुधारित’ अशा दोन सोयी याच वृत्तीच्या आहेत. फरक करणे हा दोष नाही, फरक लपवणे हा आहे.

नियम राहिले, हेतू गेला

क्रिया टिकूनही खेळ हरवू शकतो, याचे घरचे उदाहरण मोक्षपटाचे आहे. सोंगट्या आणि कवड्या घेऊन खेळायच्या या पटाचे श्रेय परंपरा ज्ञानेश्वरांना देते. त्यातल्या शिड्या सद्गुणांच्या, साप दुर्गुणांचे, आणि शेवटचे घर मोक्षाचे. एकोणिसाव्या शतकात असे पट इंग्लंडला पोहोचले. तिथे आधी त्यांवर ख्रिस्ती नीतीचे गुणदोष आले, मग तेही गेले. आज मोबाइलवर सापशिडी खेळणारे मूल तेच नियम पाळते. साप गिळतो, शिडी चढवते. पण काम, क्रोध, लोभ यांची नावे पटावर नाहीत आणि शंभरावे घर फक्त शंभरावे आहे. मीमांसकाच्या भाषेत, अंगे सगळी आली आणि देवता बदलली.

खोली आणि खिसा

टीव्हीवरच्या खेळाची देवता कोणती, असे विचारले तर एक उत्तर खोलीत सापडते. टीव्ही घरात एकच असे. त्याच्यासमोर दोघे रिमोट धरून बसत आणि बाकीचे मागून सूचना देत. हरला की रिमोट पुढच्याच्या हातात. मोठ्यांच्या बातम्यांची वेळ झाली की खेळ बंद. मराठवाड्यातल्या गावांत भारनियमनाच्या काळात वीज गेली की मारिओ जिथे असेल तिथे संपे, आणि वीज आल्यावर पुन्हा पहिल्यापासून सुरुवात, कारण त्या संचांत बहुतेक खेळ साठवून ठेवण्याची सोय नव्हती. खेळ एका जागेला आणि एका वेळेला बांधलेला होता. तिथे जावे लागे, आपली पाळी येईपर्यंत थांबावे लागे.

हातातल्या यंत्राने ही बांधणी सोडवली. एसटीत, अंथरुणात, दुकानाच्या गल्ल्यामागे खेळता येते. हवे तिथे थांबवून तिथूनच पुढे जाता येते. पूर आला तरी विशेष देवघरात असतो, तसा वीज गेली तरी खेळ खिशात असतो. ही सोय लहान नाही. पण महानुभाव घरी विशेष असला तरी पांचाळेश्वरला जायचे सोडत नाही. विशेषाचे महत्त्व स्थानामुळे आहे. स्थानाची आठवण पुसली तर तो साधा दगड उरतो. शेकडो खेळ भरलेल्या यंत्रात एखाद्या मुलाला ‘कॉन्ट्रा’ सापडतो तेव्हा त्याला तो दोघांनी मिळून खेळायचा खेळ आहे हे कदाचित कळणारही नाही. आज्ञा सगळ्या आहेत, शेजारी मात्र कोणी नाही.

धर्मविचारातही ‘लीळा’ हा शब्द खेळ याच अर्थाने आला आहे. ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायात ईश्वराच्या सृष्टिनिर्मितीला लीलेची उपमा दिली आहे, कारण पूर्ण असलेल्याला काही मिळवायचे नसते. लीळा ही कृती आहे, वस्तू नव्हे. ती कोठेतरी, कोणासमोर तरी घडते आणि मागे स्थान, विशेष आणि आठवण ठेवून जाते. कॅसेट, आज्ञा आणि पडदा ही सगळी मागे राहिलेल्यांत मोडतात.

यावरून निवाडा असा होतो. स्थलांतरित खेळ ‘तोच’ आहे की नाही, हे त्याच्या दिसण्यावरून किंवा नावावरून ठरत नाही. मूळच्या आज्ञा किती शाबूत आहेत एवढ्यावरूनही नाही. डोळ्याला दिसते आणि हात चालतो, या दोहोंमधली क्रिया आणि तिच्यामागचा हेतू तोच राहिला तर खेळ तोच आहे आणि बाकीचे बदल ऊह किंवा बाध म्हणून मान्य करावेत. क्रिया किंवा हेतू बदलला तर तो विकृती आहे. त्याला वेगळ्या नावाने ओळखावे आणि त्याच्या गुणांवर तोलावे. दोन्ही बाबतींत काय बदलले ते स्पष्ट लिहावे, आणि मूळ संच निदान काही ठिकाणी चालू स्थितीत जपावेत. गेवराई तालुक्यातल्या भक्ताच्या देवघरात विशेष असतो आणि नदीकाठी ओटाही असतो. त्याला दोन्ही लागतात.